टॅबमधल्या खेळांना नोटीस

तलाठ्याची नोकरी करून निवृत्त झालेल्या माणसात एक दोष कायमचा राहून जातो. त्याला कुठलीही गोष्ट सरळ करता येत नाही. घरातला मोडका पाट चुलीत घालायचा झाला तरी त्याच्या डोक्यात आधी येतं, यात कोणाकोणाचा हिस्सा आहे. माझ्यात हा दोष पुरेपूर आहे. नोकरीत त्याचं कौतुक झालं, घरात त्याच्यावरून टोमणे खाल्ले. टोमणे मारणारी एकच होती, माझी बायको, आणि दिवाळीनंतर तिचे टोमणे एकाएकी बंद झाले.

दिवाळी होऊन आठवडाही झाला नव्हता. झोडलेलं भात अंगणात होतं आणि ती सुपाने वारवत होती. मी ओटीवर पेपर वाचत बसलो होतो. सूप पडल्याचा आवाज आला म्हणून वर बघितलं, तर ती उभी होती, पण उजवा हात लोंबत होता आणि तोंड एका बाजूला ओढलं गेलं होतं. रत्नागिरीच्या इस्पितळात तीन आठवडे काढले. घरी आली ती चालत आली, पाय जरा ओढत होती एवढंच. हातातही थोडी थोडी ताकद येईल असं डॉक्टर म्हणाले. पण वाचा गेली होती.

अगदीच गेली होती असंही नाही. एक शब्द उरला होता, ‘अगो’. पाणी हवं असलं तरी अगो, दुखलं तरी अगो, देवाला हात जोडले तरी अगो. मला तर ती दिवसातून शंभर वेळा अगो म्हणायची आणि मी ओ द्यायचो. पहिल्यांदा पहिल्यांदा हसू यायचं. मग यायचं बंद झालं.

तिचा आवाज ज्याने ऐकलाय त्यालाच कळेल यात काय गेलं ते. कुळथाच्या शेतात माकडं उतरली की ती घरामागच्या परड्यात उभी राहून अशी हाक घालायची की खाली पऱ्यावर कपडे धुणाऱ्या बायका वर बघत. माकडं तर जातच, पण वरच्या कातळावरून, सड्यावरून चाललेला एखादा परका माणूसही चार पावलं भरभर टाकायचा. त्या घरात आता घड्याळाची टिकटिक ऐकू येत होती. मला ती मुळीच आवडत नव्हती.

रत्नागिरीत वाचा शिकवणाऱ्या एक बाई आहेत. वयाने तरुण, पण बोलणं ठाम. त्यांनी पहिल्याच भेटीत मला समजावलं की हिला सगळं कळतं, शब्दही आत शाबूत आहेत, फक्त ते तोंडापर्यंत यायची वाट बुजली आहे. ती पुन्हा पाडायची तर रोज ये-जा हवी, आणि पहिले काही महिने फार मोलाचे असतात, नंतर वेग कमी होतो. त्यांनी चित्रांचे पत्ते काढले. गाय, छत्री, घर, केळं. हिने प्रत्येक पत्त्याला अगो म्हटलं. मी मध्येच म्हणालो, छत्री. बाईंनी माझ्याकडे असं बघितलं की मी शाळेत असतो तर बाकावर उभा राहिलो असतो. तिला विचारलेल्या प्रश्नाचं उत्तर तुम्ही द्यायचं नाही, असं त्यांनी मला बजावलं.

दुसऱ्या भेटीला त्या म्हणाल्या, माझ्याकडे मराठीतले पंचवीसेक व्हिडिओ आहेत, ओठ कसे हलवायचे, जीभ कुठे ठेवायची ते दाखवणारे. ते बघून घरी रोज सराव करा. आमच्या गावात रेंज नावाची वस्तू फक्त वर सड्यावर मिळते, तिथेही वारा असेल तशी. म्हणून मी टॅब सोबत नेला होता, की बाईंनी आपल्या कॉम्प्युटरवरून सगळं त्यात भरून द्यावं. त्यांनी वायर जोडली, आणि टॅबने सांगितलं, जागा नाही.

मी म्हटलं, असं कसं होईल, आम्ही त्यात काहीच ठेवलेलं नाही. बाईंनी बोटाने पडदा सरकवला. एक पान, दुसरं पान, तिसरं पान. सगळीकडे रंगीत चित्रं. धावणारा पोरगा, फुटणाऱ्या गोळ्या, मोटारी, क्रिकेट, केक भाजणारी अस्वलं. त्या म्हणाल्या, काका, एकोणचाळीस खेळ आहेत. नको ते काढू या का आत्ताच, दहा मिनिटांचं काम आहे.

आणि मी नाही म्हणालो. न विचारता काढता येणार नाहीत, असं म्हणालो. बायको माझ्याकडे बघत होती. तिला बोलता आलं असतं तर त्या दवाखान्यात मला काय काय ऐकावं लागलं असतं याची मला पूर्ण कल्पना होती.

माझी बाजूही ऐकून घ्या. हा टॅब आमचा असला तरी नुसता आमचा नाही. थोरल्या पुतण्याने मुंबईहून आपला जुना आणून दिला, काका-काकींना विरंगुळा म्हणून. तेव्हापासून गणपतीला, शिमग्याला आणि मे महिन्यात घर मुंबईकरांनी भरलं की तो पोरांच्या हातात. येणारा प्रत्येक जण सड्यावर जाऊन एखादा खेळ उतरवून आणतो, आणि सुट्टी संपली की खेळ इथेच ठेवून जातो. पुढच्या वर्षी आल्यावर बरोबर तिथूनच पुढे. आमच्या परड्यातल्या झाडांचंही असंच आहे. फणस एक, पण वरच्या फांदीचे फणस धाकट्या भावाचे, खालचे बहिणीचे. माणूस मुंबईत असला तरी त्याच्या फांदीला विचारल्याशिवाय कोयती लागत नाही. गेल्या मे महिन्यात मी मोटारींचा एक खेळ चुकून काढला होता. एक पोर दोन दिवस जेवलं नाही आणि त्याची आई गणपतीपर्यंत माझ्याशी तुटक बोलली. तेव्हा एकोणचाळीस खेळांवर हात टाकायचा म्हणजे काय, हे त्या बाईंना रत्नागिरीत बसून कळण्यासारखं नव्हतं.

पुढची भेट पंधरा दिवसांनी होती. बाई म्हणाल्या होत्या, जागा झाली की कधीही या, भेटीची वाट बघू नका. पण पंधरा दिवस म्हणजे हरकतीसाठी नोटिशीची मुदत बरोबर होते, हे माझ्या डोक्यात एसटीतच येऊन बसलं. घरी आल्यावर मी सड्यावर गेलो आणि घरच्या ग्रुपवर लिहिलं:

‘सर्व हितसंबंधितांस कळविण्यात येते की, गावच्या घरातील टॅबमध्ये जागा शिल्लक नसल्याने व काकींच्या वाचेच्या व्हिडिओंसाठी जागेची निकड असल्याने त्यातील खेळ काढून टाकण्याचे योजिले आहे. ज्या कोणाची हरकत असेल त्यांनी आजपासून पंधरा दिवसांत खेळाच्या नावासह कळवावे. मुदतीनंतर आलेल्या हरकतीचा विचार केला जाणार नाही.’

खाली एकोणचाळीस नावांची यादी जोडली. माझं इंग्रजी बेताचं, त्यामुळे ज्यांची नावं वाचता आली नाहीत त्यांच्यापुढे वर्णन लिहिलं. ‘टोपीवालं माकड, झाडावरून उडी मारतं’ असं.

मला वाटलं होतं, सगळे म्हणतील काढा. काकींपेक्षा खेळ मोठे आहेत का. मोठी माणसं तसं म्हणालीही. पण नोटीस पोरांच्याही वाचनात आली आणि हरकती सुरू झाल्या. एकाची अमुकव्या पायरीपर्यंत मजल गेली होती, ती दोन वर्षांची मेहनत होती. एकीचं म्हणणं, केक भाजणाऱ्या अस्वलांना तिने नावं ठेवली आहेत. बहिणीच्या नातवाने तर टॅब हातातही धरला नव्हता, पण आजीच्या माहेरच्या टॅबमध्ये आपलाही एक खेळ असला पाहिजे असा त्याने हक्क सांगितला. बहीण गप्प राहिली, म्हणजे तिची फूस होती. क्रिकेटच्या खेळावर कोणीच हक्क सांगेना, तेव्हा चौकशीअंती तो चाळिशी उलटलेल्या आमच्या थोरल्या पुतण्याचाच निघाला. तो कबूल व्हायलाच तीन दिवस गेले.

आणि मी हे सगळं मनापासून करत होतो, हेही सांगितलं पाहिजे. जेवण झालं की हिला ओटीवरच्या खुर्चीत बसवायचं, टॅब मांडीवर द्यायचा आणि सड्यावर चढायचं. करवंदीच्या जाळीशेजारी एक जांभा दगड आहे, त्यावर बसलं की रेंज येते. तिथे बसून मी हरकती वहीत उतरवून घ्यायचो. आलेला दिनांक, हरकतदाराचं नातं, निर्णय. दोन दोन तास जायचे. हलका वारा, मोहोराचा वास, हातात वही. निवृत्तीनंतर इतका बरा वेळ माझा गेला नव्हता. खाली उतरून आलो की ही टॅब पालथा घालायची. मला वाटायचं, गणपतीचे फोटो बघत असेल.

मला भानावर आणलं ते चुलतभावाच्या बायकोने. या चुलतभावाशी माझं सहा वर्षं बोलणं नाही. शेताच्या बांधावरून वाद आहे, त्याने बांध हातभर आत सरकवला असं माझं म्हणणं. पण त्याची बायको, आमची भावजय, हिच्या आजारपणात रोज सकाळी पेजेचं पातेलं घेऊन येत होती. एकही दिवस चुकली नव्हती. नवव्या की दहाव्या दिवशी तिने मला वही घेऊन निघताना बघितलं आणि विचारलं कुठे. मी सांगितलं. ती पातेलं खाली ठेवून म्हणाली, "तिचा येकयेक दीस सोन्यासारका, आनि तुमी पोरांच्या खेळांना नोटिसा काडता?"

मला राग आला. बांध सरकवणाऱ्याच्या घरातून मला कोण शिकवणार, असंही मनात आलं. पण सड्यावर जाऊन दगडावर बसलो तेव्हा वही उघडवेना. बाईंचं बोलणं आठवलं, पहिले काही महिने. त्यातले दहा दिवस मी टोपीवाल्या माकडाची सुनावणी करत घालवले होते. मला स्वतःची भयंकर लाज वाटली. पंधरा दिवस पुरे व्हायची वाट न बघता मी तिथूनच ग्रुपवर लिहिलं, मुदत आज संपली.

त्या दुपारी ओटीवर हिच्याशेजारी बसून मी टॅब हातात घेतला. दहा खेळ हरकती मान्य होऊन राहणार होते, बाकीचे जाणार होते. पहिल्या सहा खेळांची चित्रं बोटाने धरून वर ढकलली, ती नाहीशी झाली. जागा बघितली. तसूभरही वाढली नव्हती. पुन्हा चढ चढून पुतणीला फोन लावला. कॉलेजात शिकणारी ही पुतणी आमच्या घरातली टॅबची जाणकार. ती हसायला लागली. म्हणाली, काका, तुम्ही चित्र काढलंत, खेळ आतच आहे. हे मला चटकन कळलं. सातबाराच्या उताऱ्यावरचं नाव खोडलं म्हणून जमिनीवरचा माणूस हलत नाही, हे मी तीस वर्षं पाहिलं होतं. चित्र दाबून धरायचं, मग ‘अनइन्स्टॉल’ येतं, त्यावर दाबायचं, पुन्हा विचारतं, त्याला हो म्हणायचं, असं तिने शिकवलं. जाता जाता म्हणाली, आणि माझा तो शेतीचा खेळ खुशाल काढा, गणपतीनंतर मी तो उघडलेलाही नाही.

परत आलो. सवयीप्रमाणे मी एकेक नाव मोठ्याने वाचत होतो, मग दाबत होतो. गोळ्या फोडायचा गेला. मोटारींचे दोन गेले. टोपीवालं माकड गेलं, त्याला कोणी वाली नव्हता. ही डोळे मिटून बसली होती. मग म्हणालो, शेतीचा खेळ, मालकाची संमती आहे. दाबून धरलं. चौकट आली, काढायचं का म्हणून विचारत होती.

माझं मनगट कोणीतरी धरलं. तिचा डावा हात होता. तो किती घट्ट धरता येतो हे मला ठाऊक नव्हतं. तिचे डोळे सताड उघडे, आणि तोंड काहीतरी जुळवत होतं. अगो येईल म्हणून मी थांबलो. अगो आलं नाही. ओठ मिटले, उघडले, पुन्हा मिटले. मानेच्या शिरा वर आल्या. मला तिच्यासाठी तो शब्द बोलून टाकावासा वाटत होता, पण कुठला शब्द ते मलाच माहीत नव्हतं.

"मा..." ती म्हणाली. मग दम घेतला. "माजा."

अडीच महिन्यांनी तिच्या तोंडून दुसरा शब्द आला होता. मी ‘रद्द करा’वर बोट ठेवलं. मग मी म्हटलं, तुझा कसा गो, पुतणीचा आहे ना. तिने टॅब माझ्या हातातून ओढून घेतला, मांडीवर ठेवला आणि खेळ उघडला.

समोर शेत होतं. मक्याची कणसं पिकून पिवळी झालेली, टोमॅटो लाल, विहिरीवर रहाट, कोंबड्यांचं खुराडं, गोठ्यात तीन गाई. वाफ्याला वाफा लागून, कुठे गवताची काडी नाही. मी जन्मभर पीकपाहणी केली आहे. उभं पीक बघितलं की शेत कसलेलं आहे की पडीक, हे मला कोणी सांगावं लागत नाही. मालकीण गणपतीनंतर फिरकली नव्हती आणि पीक कापणीला आलं होतं. ही डाव्या अंगठ्याने मका कापत गेली, त्याच वाफ्यात बी टाकलं, पाणी सोडलं, मग गोठ्यात गेली आणि एकेका गाईपुढे चारा ठेवला. प्रत्येक गाय हंबरली. हे झाल्यावर तिने माझ्याकडे बघितलं. तो चेहरा मला ओळखीचा होता. भाताची लावणी आटोपून शेतातून वर आल्यावर असायचा तोच.

माझ्या मनात तेव्हा काय आलं ते लिहायला मला बरं वाटत नाही, पण लिहितो. नोकरीत असताना मी गावोगाव, बांधाबांधाने फिरून एकच प्रश्न विचारायचो, हे शेत कसतं कोण. कागदावर नाव कोणाचं का असेना, प्रत्यक्षात नांगर कोणाचा चालतो ते बघायचं, हेच माझं काम. माझी नोकरी तालुक्याच्या बाहेर, शनिवारी घरी यायचं, सोमवारी पहाटे जायचं. आमची पाच खंडी भाताची जमीन तीस वर्षं हिने एकटीने कसली. नांगरणीला गडी शोधण्यापासून माकडं हाकलण्यापर्यंत. आणि उताऱ्यावर नाव माझं, कसण्याची रीत, खुद्द, म्हणजे मीच स्वतः कसतो. मी स्वतःच्या घरात तो प्रश्न कधी विचारलाच नाही. आताही एकोणचाळीस खेळांची नोटीस साऱ्या मुंबईला गेली, बहिणीच्या नातवाला गेली. शेजारच्या खुर्चीत बसलेल्या कब्जेदाराला मात्र कोणी विचारलं नव्हतं. माझ्या हाताखालच्या माणसाने अशी चूक केली असती तर मी त्याला सोलून काढला असता.

मी तिला म्हटलं, माझं चुकलं. तिने हात झटकला, म्हणजे राहू दे. मग तिने पडद्याकडे बोट केलं, की पुढचं कर.

पुढचं केलं. अठ्ठावीस खेळ गेले. जागा बघितली, तर बाईंनी सांगितली होती तिच्या निम्मीसुद्धा झाली नव्हती. मला कळेना. पुतणीने आणखी एक गोष्ट सांगून ठेवली होती, की कशाने किती जागा खाल्ली ते एका ठिकाणी दिसतं. ते उघडलं. सगळ्यात वर, सगळ्या खेळांना एकत्र केलं तरी त्यांच्या दुप्पट, एकच गोष्ट होती. व्हिडिओ.

ते माझे होते. सहा वर्षांत दर महिन्याला मी बांधावर जाऊन एक व्हिडिओ काढत होतो. बांधाची लांबी पावलांनी मोजत, तोंडाने बोलत, हा जुना दगड, हा नवा, इथे पूर्वी शेवरीचं झाड होतं. चुलतभावाविरुद्ध दावा लावायचा तर पुरावा हवा म्हणून. दावा मी कधी लावला नाही, पण पुरावा गोळा करणंही सोडलं नाही. ही इस्पितळातून आली त्या आठवड्यातही मी जाऊन काढून आलो होतो. पोरांच्या नावाने मी दहा दिवस खडे फोडले, आणि टॅब भरला होता माझ्या भांडणाने.

मी एक लावला. पडद्यावर बांध, आणि माझा आवाज, कोर्टात उभा असल्यासारखा. हिने तो आवाज ऐकला आणि तिला हसू फुटलं. चेहऱ्याची एकच बाजू हसते अजून, पण खांदे हलत होते. सहा वर्षं ती मला म्हणत होती, की हातभर जमिनीपायी दारातला माणूस तोडू नका. मी म्हणायचो, तुला कायद्यातलं काय कळतं. ओटीच्या कडेला सकाळचं पेजेचं पातेलं घासून पालथं घातलेलं होतं, भावजयीला परत द्यायचं.

मी विचारलं, काढू हे सगळे? ती इतक्या जोरात मान हलवायला लागली की मला तिचा खांदा धरावा लागला. मला सुखाने काढवले नाहीत, खोटं कशाला बोलू. बांध सरकलाय हे माझं म्हणणं आजही कायम आहे. पण एकाही हितसंबंधिताला नोटीस न देता मी ते बहात्तर व्हिडिओ काढून टाकले. टॅब म्हणाला, भरपूर जागा आहे.

दुसऱ्या दिवशी पहिल्या गाडीने रत्नागिरीला गेलो आणि व्हिडिओ भरून आणले. बाईंना खेळाचं सांगितलं तेव्हा त्यांना राग येईल असं वाटलं होतं. उलट त्या म्हणाल्या, जे तिला आपलं वाटतं तिथूनच शब्द येतील, खेळत राहू दे. पुतणीला कळवलं तर तिने ग्रुपवर लिहिलं की शेत आजपासून काकींचं. त्याच्याखाली पोरांनी अंगठ्यांची रांग लावली.

मग रोजचा क्रम बसला. सकाळी पेज झाली की अर्धा तास व्हिडिओ. पडद्यावरच्या बाई ओठ गोल करतात, ही करते, मीही करतो, कारण एकटीने करायला ती लाजते. भावजय बसलेली असली तर तिघंही गोल ओठ करून बसतो. एकदा चुलतभाऊ बायकोला बोलवायला आला, आम्हाला तसं बघून अंगणातच उभा राहिला आणि तसाच परत गेला. दुपारी तिची शेती. आठ दिवसांनी ‘पाणी’ आलं. मग ‘नको’, आणि ते इतकं येऊ लागलं की मला जुने दिवस आठवले. मधले काही दिवस काहीच आलं नाही, उलट असलेले शब्दही अडायचे, आणि ती टॅब बाजूला सारून भिंतीकडे तोंड करून पडायची. त्या दिवसांत मी फार घाबरलो होतो. सड्यावर जाऊन बाईंना फोन करायचो, त्या म्हणायच्या, थांबू नका. आम्ही थांबलो नाही.

शिमग्याच्या आधीच्या भेटीला पहाटेची गाडी होती. अंधारातच आवरून निघालो. पावस मागे पडेपर्यंत ती झोपलेली होती, मग जागी झाली आणि सारखी चुळबुळ करत होती. काय होतंय विचारलं तर मान फिरवायची. दवाखान्यात बाईंनी पत्ते काढले. पहिलाच गाईचा.

हिने बघितलं. ओठ हलले. "गाय," ती म्हणाली, एका दमात, स्वच्छ. बाईंनी शाबास म्हणून पुढचा पत्ता धरला, छत्रीचा. ही त्याच्याकडे बघेचना. गाईच्या पत्त्यावर बोट ठेवून तिने पुन्हा सुरुवात केली.

"गाय... उपाशी."

बाईंना वाटलं शब्द भरकटला. त्या मृदूपणे म्हणाल्या, काकी, ही छत्री. मला मात्र लख्ख कळलं. पहाटेच्या घाईत तिला खेळ उघडायला मिळाला नव्हता, गाईंना चारा घातलेला नव्हता, आणि हेच ती सगळ्या वाटेने मला सांगू पाहत होती. मी बाईंना ते सांगितलं. मी गाईंच्याच काळजीत होतो, त्यामुळे त्या पत्ते खाली ठेवून माझ्याकडे का बघत राहिल्या ते कळेना.

"काका, तुमच्या लक्षात आलं का?" त्या म्हणाल्या. "हे वाक्य आहे."

मग माझ्या लक्षात आलं, आणि मला तिथेच रडू कोसळलं. बाईंनी पाण्याचा ग्लास पुढे केला. हिला त्या वाक्याचं काहीच नव्हतं. तिने डाव्या हाताने माझ्या मांडीवरची पिशवी ओढून घेतली, टॅब काढला आणि तिन्ही गाईंपुढे चारा ठेवला.